जुनं घर उतरवायच्या आधी घराण्याचा आणि मोहल्ल्याचा इतिहास लिहायचाय, सुरुवात कुठून करू?

वर्धाकाठ

नमस्कार मंडळी. वर्धा जिल्ह्यातल्या आर्वी तहसिलीतल्या आमच्या गावचं जुनं कवेलूचं (कौलांचं) घर पुढच्या उन्हाळ्यात उतरवायचं घरच्यांनी ठरवलंय. पांढऱ्या मातीच्या जाड भिंती, सागवानाचे खांब, समोर ओटा, मागं सांदवाडी आणि कोठा. त्याआधी चार पिढ्यांचा इतिहास शंभर-सव्वाशे पानांत लिहून छापायचा आहे. नुसत्या घराण्याचा नको, मोहल्ल्यातल्या वीस-बावीस घरांचाही यावा असं वाटतं.

हाताशी एक लोखंडी पेटी आहे. तीत सातबारे, दोन-तीन खरेदीखतं, मोडीतले काही कागद, दुकानाची एक जुनी बही आणि फोटो. मोठी आत्या ८६ वर्षांची, आठवण पक्की, ऐकू कमी येतं. घराणं मूळचं वर्धा नदीपलीकडचं, अमरावती जिल्ह्यातल्या तिवसा भागातलं; इकडं कधी आलं ते कोणालाच नीट सांगता येत नाही.

अडचणी अशा की सातबाऱ्यावर घराचा उल्लेखच नाही. जुन्या कागदांतली क्षेत्रं एकमेकांशी जुळत नाहीत. दोन काकांचं वाटणीवरून अजून बोलणं बंद आहे, तर काय लिहावं आणि काय नाही? इतिहासापेक्षा कादंबरीच लिही, असंही काहींचं म्हणणं आहे. जाणकारांनी सांगावं.

जुनी नक्कल

भाऊ, कागद शेवटी ठेवा. तहसिलीतला कागद पुढच्या वर्षीही तिथंच सापडेल. घर एकदा उतरलं की गेलं, आणि आत्याबाईंचं वय तुम्हीच सांगितलंय. आधी आत्याबाई, त्याच आठवड्यांत घराचं मोजमाप, मग कचेऱ्या. मी फक्त कागदांचं सांगतो, बाकीचं इथले दुसरे सांगतील.

सातबारा काळीचा, म्हणजे शेतजमिनीचा असतो, पांढरीचा, म्हणजे वस्तीच्या जागेचा नाही. गावठाणातल्या घरांची वेगळी मोजणी बहुतेक गावांत झालेलीच नव्हती. ड्रोननं गावठाण मोजायची स्वामित्व योजना २०२० साली आली, त्यानंतर मिळकत पत्रिका मिळू लागल्या. त्याआधीचं घर शोधायचं ग्रामपंचायतीच्या नमुना ८ मधे, म्हणजे कर आकारणी नोंदवहीत. मालक, भोगवटादार, घर मातीचं की विटांचं, कर किती, हे सगळं तिथं असतं. चालू वही नव्हे, जुन्या वह्या मागा. तीन-चार आकारण्यांच्या वह्या ओळीनं लावल्या की कोणतं घर कोणाकडून कोणाकडं गेलं आणि मातीचं कधी सिमेंटचं झालं ते कळतं. घर नंबरावर मात्र विसंबू नका, फेरआकारणीत तो बदलतो. अलीकडच्या-पलीकडच्या दोन नावांवरून घर ओळखा.

आता शेताचे कागद. वर्धा नदी ही जुनी हद्द आहे, हे विसरलं की पुढचं सगळं चुकतं. तुमचा काठ नागपूरकर भोसल्यांचा, मग मध्य प्रांताचा, मालगुजारीचा, म्हणजे गावाचा सारा मालगुजार भरायचा. पलीकडचा वऱ्हाड निजामाचा, १८५३ पासून इंग्रजांच्या ताब्यात, आणि तिथं रयतवारी, म्हणजे शेतकरी सारा सरळ सरकारला भरायचा. १९०३ मधे दोन्हींचा कारभार एका छत्राखाली आला, तरी जमिनीचे कागद ठेवायची रीत वेगळीच राहिली. म्हणून आर्वीकडं बंदोबस्त मिसल (सारा ठरवतानाची नोंद), वाजिब-उल-अर्ज (गावच्या रिवाजांची नोंद), पी-१ खसरा (शेतवार नोंद) आणि १९५४-५५ चा अधिकार अभिलेख मागा. तिवस्याकडं सर्व्हे नंबरावरून हक्क नोंदणी, फेरफार (हक्क बदलल्याची नोंद) आणि आकारबंद (क्षेत्र आणि साऱ्याची यादी). वाजिब-उल-अर्जाकडं लोक सहसा पाहत नाहीत, पण मोहल्ल्याचा इतिहास लिहिणाराला त्यासारखा कागद नाही. पाणी कुठून भरायचं, गुरांची वाट कोणती, चराई, सरपण, मसणवट, गावातले रिवाज हे त्यात नोंदलेलं असतं.

मालगुजारी ३१ मार्च १९५१ रोजी संपली. त्याआधीच्या कागदात नावापुढं मालिक मकबुजा (आपल्या जमिनीचा स्वतः मालक), मौरूसी (वंशपरंपरेचं कुळ) की साधं कुळ हे लिहिलेलं असतं. पुढं भूमिस्वामी किंवा भूमिधारी येतं. हा शब्द पुस्तकात जसाच्या तसा घ्या. घराण्याची खरी ऐपत घरातल्या आठवणींपेक्षा या एका शब्दात जास्त नेमकी कळते.

क्षेत्रं जुळत नाहीत त्याचं कारणही बहुतेक नदीच असावी. मध्य प्रांताच्या कागदात एकराचे शंभर भाग, म्हणजे डिसमिल. वऱ्हाडच्या कागदात एकराचे चाळीस गुंठे. त्यामुळं आर्वीकडच्या कागदातलं ३.२० म्हणजे तीन एकर आणि वर एक पंचमांश, सुमारे १.३० हेक्टर. तिवस्याकडच्या कागदातलं ३-२० म्हणजे साडेतीन एकर, सुमारे १.४२ हेक्टर. एकरांच्या कागदात टिंबानंतरचा आकडा कुठंही ३९ च्या वर गेलेला दिसला तर तो कागद डिसमिलचा, गुंठ्यांचा नाही.

कागदातले काही शब्द: वल्द म्हणजे अमक्याचा मुलगा, जौजे म्हणजे अमक्याची बायको, सा. देह म्हणजे याच गावचा राहणारा. ए.कु.मॅ. म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर. एकाच भावाचं नाव दिसलं आणि मागं ए.कु.मॅ. असेल तर जमीन त्या एकट्याची नव्हती. तुमच्या काकांच्या वादाचं मूळही कदाचित इथंच मिळेल. सा. देह तर जपून पाहा. ज्या वर्षापर्यंत तुमच्या पणजोबांपुढं दुसऱ्या गावाचं नाव आहे आणि ज्या वर्षापासून सा. देह आहे, त्या दोन कागदांच्या मधे घराणं नदी ओलांडून आलं.

जन्म-मृत्यूसाठी कोतवाल बुक. त्यात बाळाचं नाव शोधू नका, बहुतेक ठिकाणी 'अमुक वल्द तमुक यास मुलगा झाला' एवढंच असतं. मृत्यूच्या रकान्यात कारण असतं: ताप, पटकी, देवी. शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरात १ जून किंवा १ जुलै ही जन्मतारीख दिसली तर ती मास्तरांनी घातलेली धरा आणि नुसतं वर्ष घ्या, तेही दोन-तीन वर्षांच्या फरकानं.

साध्या नक्कल अर्जानं काम अडलं तर माहिती अधिकारात आधी नकला नका मागू, अभिलेख पाहायला मागा. अर्जाला दहा रुपये, पाहण्याचा पहिला तास फुकट. मौजा (गाव), पटवारी हलका (तलाठी सझा) नंबर आणि वर्षांचा पट्टा लिहिल्याशिवाय अर्ज देऊ नका. 'आमच्या घराण्याचे सर्व जुने कागद' असं लिहिलं की उत्तर ठरलेलं: अभिलेख आढळून येत नाही.

बोळ

वरच्या माहितीत एक भर. मोहल्ला उभा करायचा तर सगळ्यात मोलाची गोष्ट तुमच्या पेटीतच पडली आहे: खरेदीखतांतली चतुःसीमा. किंमत आणि सह्या पाहून लोक कागद घडी करून ठेवतात. चार दिशांच्या त्या चार ओळी कोणी वाचत नाही.

समजा लिहिलंय: पूर्वेस सार्वजनिक रस्ता, पश्चिमेस लिहून देणाराचं उरलेलं घर, उत्तरेस तेलघाणा, दक्षिणेस बोळ. याचा अर्थ असा की विकणाऱ्यानं अर्धंच घर विकलं, म्हणजे मधली भिंत त्या वर्षानंतरची. उत्तरेला घाणा चालू होता, म्हणजे बैल फिरायला मोकळी जागा होती. बोळ सार्वजनिक म्हटलेला नाही, म्हणजे त्याच्या वापरावरून पुढं तंटा झाला असू शकतो. एका खतात घेणारा, देणारा आणि चौघे शेजारी. वीस घरांची दहा-बारा खतं मिळाली तरी पन्नासेक नावं जागेसकट हाती येतात.

मोठ्या चौकटीच्या कागदावर आजचा मोहल्ला काढा. मग दर खताचं वर्ष घेऊन त्यातल्या सीमा वेगळ्या ट्रेसिंग कागदावर चढवा. १९३०, १९५०, १९७० असे तीन-चार थर पुरतात. खतं शेजाऱ्यांच्या घरी मिळतील; न मिळाल्यास दुय्यम निबंधकाकडं सूची दोनमधून वर्ष आणि गाव धरून शोध घ्या.

चूक कुठं होते तेही सांगतो. लिहिणारे बरेचदा जुन्या खतावरून सीमा उतरवून घेत. त्यामुळं वीस वर्षांपूर्वी वारलेला माणूसही शेजारी म्हणून दिसतो. एकाच घराची लागोपाठची दोन खतं मिळाली आणि चारही ओळी शब्दशः सारख्या असल्या, तर दुसऱ्या खताची सीमा पुरावा धरू नका. एका बाजूचं जरी नाव बदललेलं असेल तर ती ओळ नव्यानं लिहिली आहे, ती भरवशाची. खतातली किंमतही तोलून घ्या, कर्जापोटी लिहून दिलेली खतं वरून साध्या विक्रीसारखीच दिसतात. चार-सहा वर्षांनी तीच जागा मूळ मालकाकडं परत आलेली दिसली तर ते बहुधा सावकारीचं प्रकरण.

मुद्रांक कागद उलटा करून पाठही पाहा. तिथं कागद कोणी, कोणत्या तारखेला, कशासाठी घेतला हे विक्रेत्यानं लिहिलेलं असतं. कधी कधी घेणाऱ्याचं नाव वेगळंच निघतं आणि व्यवहारात मधे कोण होतं ते कळतं.

बहीतला सन संवत असेल, त्यातून ५७ किंवा ५६ वजा करा. मोडी कागदात शके असेल तर ७८ किंवा ७९ मिळवा. वऱ्हाडच्या फार जुन्या कागदात फसली सन आला तर ढोबळ ५९० मिळवा. मोडीत ऱ्हस्व-दीर्घ पाळत नाहीत, तेव्हा वाचकानं लावून दिलेलं नाव दुसऱ्या कागदाशी ताडून पाहिल्याशिवाय वंशावळीत घालू नका.

कवेलू

घराचं मोजमाप: तीस मीटरचा फीता, दोन माणसं, चौकटीची वही. एक मीटरला एक सेंटिमीटर हे प्रमाण धरा, म्हणजे घर एका पानावर बसतं. प्रत्येक खोलीच्या चार भिंती मोजल्यावर दोन्ही कर्ण मोजायचेच. मातीच्या घरात एकही कोपरा काटकोनात नसतो, आणि कर्ण नसले की नकाशा घरी बसून जुळत नाही. भिंतीची जाडी दर दारात मोजा. मूळच्या भिंती दोन फुटांच्या आणि एखादीच नऊ इंची विटांची निघाली तर तिथं वाटणी झाली असं समजून चौकशी करा.

दोन भिंती जिथं मिळतात तिथं वरपासून खालपर्यंत सरळ उभी फट दिसत असेल तर त्या भिंती एका वेळी उठलेल्या नाहीत, नंतरची पहिलीला नुसती टेकवली आहे. माती एकमेकांत गुंतलेली असेल तर एकाच वेळचं काम. एवढ्या एका खुणेवरून घर कोणत्या क्रमानं वाढलं ते काढता येतं. सागवानाच्या खांबावर मधेच रिकामी खाच दिसली तर तो खांब बहुधा दुसऱ्या घरातून आलेला. जुनं लाकूड परत वापरायची रीत होतीच, म्हणून लाकडाच्या वयावरून घराचं वय ठरवू नका.

उतरवताना एक माणूस फक्त पाहायला आणि फोटो काढायला ठेवा. कोनाडे, बुजवलेली दारं, पेव (धान्य साठवायचा खड्डा), उंबऱ्याखाली ठेवलेली नाणी हे त्याच दिवशी दिसतं आणि त्याच दिवशी ट्रॉलीत जातं. कवेलू वेगवेगळे निघतील, हातानं केलेले आणि कारखान्यातले. कारखान्याच्या कवेलूच्या पाठीवर छाप असतो, त्याचा फोटो घ्या. खोल्यांची नावं मात्र आजच आत्याबाईंकडून नकाशावर लिहून घ्या: बैठक, माजघर, बाळंतिणीची खोली, ढोल्या (धान्याच्या कणग्या) कुठं होत्या, बंगई (झोपाळा) कुठं टांगली होती.

भुलाबाई

आत्याबाईंचं मी सांगते. ऐकू कमी येतं म्हणजे फोन त्यांच्या जवळ आणि तुम्ही त्यांच्या समोर, उजेड तुमच्या तोंडावर; ओठ दिसले की त्यांना अर्धं समजतं. विदर्भात रेकॉर्डिंगचा खरा वैरी कूलर. तो चालू असला की पुढं एक शब्द उलगडत नाही. सकाळी सात ते नऊ ही वेळ धरा, पंखाही बंद ठेवा, फोन घडी केलेल्या दुपट्ट्यावर आणि विमान मोडवर. बंगईवर बसवू नका, कड्या वाजतात. एका बैठकीला पाऊण तास पुरे. त्याचं लिखाण करायला चार-पाच तास लागतात, म्हणून बैठका साचू देऊ नका.

'कोणत्या साली' हे विचारूच नका. गोष्ट कशाच्या आधीची, कशाच्या नंतरची ते विचारा. तुमच्या भागात चांगल्या खुणा आहेत: १९४२ च्या ऑगस्टमधलं, चले जाव चळवळीतलं आष्टीचं प्रकरण, मालगुजारी गेली ते वर्ष, १९५६ च्या दसऱ्याची नागपूरची धम्मदीक्षा, आणे जाऊन नवे पैसे आले ते १९५७, १९७२ चा दुष्काळ, १९९१ चा मोवाडचा पूर. आजीकडून ऐकलेली १९१८ ची मानमोडीची (इन्फ्लुएंझाची) साथही निघू शकते. आत्याबाईंचं लग्न, पहिलं बाळंतपण, विहीर खणली ते वर्ष यांतल्या दोन खुणांच्या मधे बसवत जा. किंमत आण्यांत सांगितली आणि माप शेर-पायलीत, तरी ते १९५७ च्या आधीचंच असेल असं नाही. लोक पुढंही कितीतरी वर्षं आण्यांतच बोलत होते.

आणि हे कळकळीनं सांगते. कागदात बाया नाहीत. १९५६ च्या वारसा कायद्याआधीच्या वारस फेरफारांत मुलींची नावं बहुधा नसतातच. नंतर दिसतात, पण पुष्कळदा लगेच पुढच्या फेरफारात हक्कसोड असते. नुसत्या कागदांवरून लिहिलेला घराण्याचा इतिहास म्हणजे बाप आणि मुलांची यादी. म्हणून आत्याबाईंना लेकी कुठं दिल्या, सुना कुठल्या गावच्या आल्या, माहेरचं आणि सासरचं नाव काय, हे गावासकट विचारा. त्या गावांचा नकाशा काढलात की घराणं नदीपलीकडून आलं तेव्हाचे सोयरे कुठं होते ते उघड दिसेल. दुपारी बाया कोणाच्या ओट्यावर निवडायला बसत, पाणी कोणत्या विहिरीवरचं आणि तिथं कोणाला भरता येत नव्हतं, भुलाबाई (मुलींचा गाण्यांचा सण) कोणत्या घरी बसायची, बाळंतपणाला सुईण कोण यायची, हेही विचारा. मोहल्ला खरा इथं सापडतो. अशी माहिती एकटीकडून घेऊ नका, त्यांच्या वयाच्या दोघी-तिघींना एकत्र बसवा. एक चुकली की दुसरी लगेच म्हणते, 'नाही व माय, ते तवा नोहोतं.'

आठवणी जुळल्या नाहीत तर जुळवू नका, दोन्ही नावासकट ठेवा. तुमच्या नदीपलीकडंच, रिद्धपूरला, म्हाइंभटांनी तेराव्या शतकात लीळाचरित्रासाठी ज्यानं पाहिलं-ऐकलं त्याच्याकडून आठवणी गोळा केल्या, आणि त्या परंपरेत एकाच प्रसंगाचे वेगवेगळे पाठ सांगणाऱ्याच्या नावानं राहिले आहेत. आपल्याकडं ही रीत एवढी जुनी आहे.

वर्धाकाठ

फार उपयोगी. पेटीतली सगळी क्षेत्रं तपासली, दोन कागदांत टिंबानंतर ६५ आणि ८० आहे, म्हणजे ते डिसमिलचेच. आता राहिलं ते काकांचं भांडण, कादंबरीचा सल्ला, आणि छपाई.

फॉर्मा

कादंबरी करू नका. चार पिढ्या, खरं गाव, खरं घर असलं की नावं बदलूनही गाव प्रत्येकाला ओळखतं, आणि मग तुम्ही रचलेला प्रसंगही खरा मानला जातो. कादंबरीला बांधणी वेगळी लागते, जमवलेलं अर्धं साहित्य टाकून द्यावं लागतं. तुमचं बळ नेमकेपणात आहे: कोणती भिंत, कोणतं वर्ष, कोणाचा शेजार. ते कादंबरीत वाया जाईल.

वाटणीबद्दल कागदात आहे तेवढंच लिहा: अमक्या वर्षी फेरफार झाला, घराचे दोन भाग झाले, मधे भिंत आली. दोष कोणाचा ते लिहू नका. हयात माणसाबद्दलचं पान त्याला छापायच्या आधी वाचायला द्या, दोन्ही काकांना एकाच आठवड्यात, आणि हरकत लेखी घ्या. चालू दाव्यातला कागद छापू नका. आजार, दत्तक, पहिलं लग्न मोडणं या गोष्टी हयात माणसाच्या असतील तर त्याच्या होकाराशिवाय नको.

जुन्या कागदांत जातीवरून मोहल्ल्यांची नावं येतील. जातिवाचक वस्त्यांची नावं बदलायचा निर्णय सरकारनं डिसेंबर २०२० मधे घेतला आहे, पण त्यासाठी नव्हे, तिथं राहणाऱ्यांच्या मानासाठी: निवेदनात आजचं नाव वापरा, जुनं फक्त कागदाचा उतारा देताना. विहिरीची बंदी मात्र झाकू नका. ती लिहिली नाही तर मोहल्ल्याचा इतिहास खोटा होईल, आणि ती लिहायची तर ज्यांना बंदी होती त्यांच्यातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारून, त्यांच्या शब्दांत.

आकार डेमी, एका पानावर साधारण २८० शब्द. पानं सोळाच्या फॉर्म्यात छापतात, म्हणून १२० नव्हे, १२८ धरा. त्यातली १६ नकाशे आणि फोटोंना गेली तर मजकूर तीस-एकतीस हजार शब्दांचा. दोन-तीनशे प्रतींपर्यंत डिजिटल परवडतं, त्यापुढं ऑफसेट. कागद ७० जीएसएम (कागदाच्या वजनाचं माप) नॅचरल शेड, पांढराफेक नको. कव्हर ३०० जीएसएम. शिवण बांधणी सांगा. नुसत्या गोंदावरचं पुस्तक आपल्याकडच्या मे महिन्यात पानं सोडतं. आयएसबीएन सरकारकडून फुकट मिळतो, त्याचे पैसे मागणाऱ्याला देऊ नका.

पेटीतले फोटो ६०० डीपीआयला आणि कागद ३०० डीपीआयला स्कॅन करा, दोन्ही बाजूंनी. लॅमिनेशन आणि चिकटपट्टी अजिबात नको. उधई (वाळवी) लागलेला कागद आधी वेगळ्या डब्यात काढा.

शेवटचं, पण पैसे इथंच बुडतात. तुम्ही युनिकोडमधे लिहाल आणि प्रेसवाला ते जुन्या फॉन्टमधे फिरवेल. त्यात रफार सरकतात आणि वऱ्हाड, कऱ्हाड, पांढऱ्या यांतला ऱ्य-ऱ्ह तुटतो. आत्याबाईंच्या बोलीतले शब्द तर मुद्रितशोधक प्रमाण मराठीत 'सुधारून' टाकतो. म्हणून आधी एकच पान करून मागा. त्यात वऱ्हाड, सर्व्हे, वर्ध्याच्या, गुऱ्हाळ, राह्यला, नोहोतं हे शब्द, एक आकड्यांचा तक्ता आणि एक उतारा असू द्या. ते छापील पान हातात घेऊन तपासा, पडद्यावर नाही. ते बरोबर आलं तरच पुढची १२७ द्या.